गोल न केलेली ओळ

दस्तगीर शिकलगारांनी माझा पहिला अपमान केला, तेव्हा त्यांनी माझं तोंडही पाहिलं नव्हतं. मी त्यांच्यासमोर उभा होतो. अंगात इस्त्रीचा शर्ट, खिशाला दोन पेनं आणि हातात माझ्या अक्षरातले बारा कागद. त्यांनी कागद घेतले, वरची बाजू खाली करून धरले आणि तसेच वाचायला लागले. शिशाची सुटी अक्षरं, म्हणजे खिळे, जुळवून मजकूर लावणाऱ्या जुळारी माणसाला ती उलटी वाचायची सवय असते, हे मला कुठलं ठाऊक? मला वाटलं, माणूस निरक्षर आहे. मोठ्या सौजन्यानं मी म्हणालो, “कागद उलटा धरलाय तुम्ही.”

मान वर न करता ते म्हणाले, “कागद सुलटाच हाय. अक्षर उलटं हाय. ह्ये लिवलंय, का पावसात भिजल्याली कोंबडी ह्याच्यावरनं पळालीया?”

सगळा छापखाना हसला. ट्रेडल मशीन चालवणारा तर पाय थांबवून हसला. मी नुकताच मराठी घेऊन एम. ए. झालो होतो आणि ते ऐकायची संधी मी कुणालाही चुकवू देत नव्हतो. तिथंही सांगितलं. त्या दिवसापासून शिकलगार मला ‘एम्ये’ म्हणायला लागले. माझं खरं नाव त्यांनी अखेरपर्यंत एकदाच वापरलं, आणि तेही खिळ्यांत.

एकोणीसशे साठचं दशक संपत आलं होतं. कोल्हापुरात लक्ष्मीपुरीतल्या त्या छापखान्यात जिल्ह्यातल्या शेतीशब्दांचा कोश छापायला घेतला होता. संपादक होते नानासाहेब, एक निवृत्त हेडमास्तर. हयातभर त्यांनी शब्द गोळा केले होते आणि नेमकं छपाईच्या वेळी त्यांच्या डोळ्यांत मोतीबिंदू उतरला होता. त्यांना डोळे हवे होते, म्हणून मला ठेवलं. गावोगावचे शाळामास्तर चिठ्ठ्यांवर शब्द आणि अर्थ लिहून पाठवायचे. मी त्या चिठ्ठ्या वाचून छापखान्यासाठी स्वच्छ प्रत तयार करायची. तिला सगळे ‘कॉपी’ म्हणत. पुढं प्रुफंही मीच तपासायची. म्हणजे चूक करणाराही मी आणि चूक शोधणाराही मीच. अशी व्यवस्था कोल्हापुरात फार ठिकाणी असते, पण इतक्या उघडपणे नसते.

शिकलगार उंच, वाळके, आणि कामाला उभे राहिले की खांबासारखे. अंगात बंडी. शर्ट भिंतीच्या खिळ्याला टांगलेला. तो नमाजाला जाताना आणि घरी जाताना अंगावर चढायचा. उजव्या हाताची दोन बोटं शिशानं कायमची काळी झालेली. ती बोटं खणांतून एकेक अक्षर न बघता उचलत, आणि डोळे तेवढा वेळ कॉपीवर असत. सगळा छापखाना त्यांना चाचा म्हणे. मी मुद्दाम ‘शिकलगार’ म्हणत असे, कारण मी मुद्रितशोधक होतो आणि ते कामगार होते. माझी अक्कल तेव्हा एवढीच होती.

पहिल्याच दिवशी त्यांनी मला नियम सांगितला होता. “कॉपीत दिसंल ते लागंल. मजकुराभायेरचं काय लिवायचं असंल, मला काय सांगायचं असंल, तर त्याला गोल करायचा. गोल केल्यालं आमी वाचतो, लावत न्हाय. गोल न्हाय केला, तर लागंल. डोकं तुमचं, हात माझा. अदलाबदल न्हाय.”

एवढा नियम शेंबडं पोरही लक्षात ठेवील. मी तर एम. ए. होतो, म्हणून विसरलो.

‘क’चं प्रूफ आलं. मी तांबडं पेन उघडून ऐटीत बसलो आणि वाचलं : ‘कुळव (पु.) : जमीन भुसभुशीत करण्याचे व तण काढण्याचे बैलांचे औत. जुळाऱ्याने येथे स्वतःचे डोके चालवू नये.’ शेवटचं वाक्य माझंच होतं. समासात खरडलेलं, शिकलगारांना उद्देशून. ते आता बारा पॉइंटाच्या टायपात, पूर्णविरामासकट, कुळवाच्या अर्थात जाऊन बसलं होतं.

मी प्रूफ नाचवत त्यांच्यापुढं गेलो. “हे काय आहे?”

“तुमचं अक्षर हाय.”

“अहो, ही तुम्हाला सूचना होती!”

“गोल कुठाय?”

“एवढं कळत नाही? कुळवाच्या अर्थात जुळारी कुठून येईल?”

“तुमीच सांगितलं की, डोकं चालवू नगा म्हणून,” ते म्हणाले आणि पुन्हा खणाकडं वळले. “न्हाय चालवलं.”

मालकांनी ते प्रूफ आठवडाभर दाराला चिकटवून ठेवलं होतं. बिलं द्यायला आलेले व्यापारीही वाचून जायचे. तेव्हापासून मी शिकलगारांचा द्वेष करू लागलो. आणि द्वेष करणारा माणूस किती उद्योगी होतो, हे मला स्वतःवरूनच कळलं.

मग तिरवंडा आला.

चंदगडकडची चिठ्ठी होती, ऐन आषाढातली. पोस्टाच्या थैलीत पाणी शिरून शाई पसरली होती. अर्थातले ‘बैल’, ‘लाकडी’, ‘भात’ एवढेच शब्द धड दिसत होते, आणि एक ‘चिखल’सारखं काहीतरी. वरच्या शब्दाचं सुरुवातीचं ‘ति’ आणि शेवटचं ‘डा’ शाबूत होतं. मधे नुसता निळा डाग. नानासाहेबांचा हुकूम स्पष्ट होता : शंका असेल तिथं एस.टी. पकडायची, गावाला जायचं, माणसाला विचारायचं. मी स्टँडपर्यंत गेलोही होतो. चंदगडची गाडी उभी होती. तिच्या टपावरून पाणी वाहत होतं आणि आतल्या माणसांच्या अंगावरूनही. मी समोरच्या हॉटेलात शिरलो, मिसळ मागवली आणि तिथंच बसून तो शब्द ‘लावला’ : तिरवंडा. अर्थही लावला : ‘भातलावणीपूर्वी चिखल सारखा करण्यासाठी बैलांमागे जोडायचा तीन पायांचा लाकडी ठोकळा.’ तीन पाय कशावरून? ‘ति’ वरून. विद्वत्ता ही अशी मिसळीच्या रश्श्यात कांद्यासारखी तरंगत येते.

नानासाहेबांना माझ्या तोंडून तो शब्द ऐकून इतका आनंद झाला, की ते म्हणाले, “वा! याला एखादा प्रयोग मिळतो का बघ. ओवी, गाणं, काहीही.” आता प्रयोग कुठून आणणार? मी ओवीच रचली :

बंधवाच्या शेतामंदी तिरवंडा गं डोलतो
चिखलाचं होई लोणी, भाऊ बैलासी बोलतो

खाली लिहिलं, ‘शाहूवाडीकडील एका वृद्धेकडून.’ ती वृद्धा म्हणजे मी. वय सव्वीस, ओठावर मिशी.

‘त’चं प्रूफ आलं, तेव्हा तिरवंड्यासमोर पेन्सिलीनं बारीक प्रश्नचिन्ह काढलेलं होतं. सोबत आलेल्या मूळ कॉपीवरही तेच चिन्ह होतं. मी तणतणत गेलो.

“हे चिन्ह तुमचं?”

“व्हय. असला शब्द न्हाय. माझी सासुरवाडी चंदगडची. नऊ पावसाळं चिखलात राबलोय तितं. बैल, लाकूड आन् भात म्हंजे तिवडा असणार. खळ्यात मदी खांब पुरत्यात बगा, त्येच्याभवती बैल फिरत्यात.”

“तिवडा कोशात आधीच आहे. तेवीस ओळी खाली बघा. म्हणजे हा वेगळा शब्द आहे.”

“एकच शब्द दोन मास्तरांनी धाडला असंल की.”

“शिकलगार, कोश तुम्ही करताय की मी?”

त्यांनी माझ्याकडं नाही, माझ्या तांबड्या पेनाकडं पाहिलं. “ओवी लावताना वाटलंच हुतं,” ते म्हणाले, “ही म्हातारी एम्ये झाल्याली दिसती.”

माझे कान तापले. मी कॉपीवर त्यांच्या प्रश्नचिन्हाशेजारी तांबड्यानं लिहिलं, ‘कॉपीप्रमाणे लावावे’, आणि या वेळी चांगला भाकरीएवढा गोल केला. ते म्हणाले, “लागंल. सही करा.” मी सही केली. त्यांनी तो कागद बाकीच्या कॉपीबरोबर डोक्यावरच्या तारेला टोचून ठेवला. लावून झालेली सगळी कॉपी तिथंच लोंबकळत असायची, उन्हाळ्यात पंख्याच्या वाऱ्यानं फडफडायची.

कोश प्रसिद्ध झाला. हार, पेढे, भाषणं झाली. माझा फोटो वर्तमानपत्रात आला, त्यात मी अर्धाच होतो, पण आलो. दोन महिन्यांनी चंदगडच्याच एका मास्तरांचं पत्र आलं. त्यांनी पाठवलेले चौदा शब्द भलतेच छापले गेले होते. कुणाच्या वेलांट्या गेल्या होत्या, कुणाला नवी शेपटी फुटली होती. तिरवंड्याबद्दल त्यात काही नव्हतं. ती चिठ्ठी दुसऱ्या कुणाची होती आणि तिवडा त्यांना कोशात जागच्या जागी सापडला असणार.

नानासाहेब रिक्षा करून थेट छापखान्यात आले. हातात पत्र आणि काठी. मालक उठून उभे राहिले. नानासाहेबांनी खोलीच्या मधोमध उभं राहून विचारलं, “या चौदा चुका कुणाच्या?”

मी म्हणालो, “खिळ्यांच्या.”

एकच शब्द. आयुष्यात इतकं नेमकं मी पुन्हा कधी बोललो नाही.

ट्रेडल थांबलं. सहा जुळारी आपापल्या खणांपुढं उभे होते आणि सहाही जणांना ठाऊक होतं, की माझ्या अक्षरातली कॉपी डोक्यावर तारेला लोंबकळते आहे. हात वर केला असता तर हाताला लागली असती. शिकलगारांनी तारेकडं पाहिलं. मग माझ्याकडं पाहिलं, पहिल्यांदाच सरळ तोंडाकडं. मी मनात म्हटलं, संपलं आपलं. पण त्यांचा हात खालीच राहिला.

त्या महिन्याअखेर जुना फोरमन निवृत्त होणार होता आणि ती जागा शिकलगारांना द्यायची, हे मालकांनी सगळ्यांसमक्ष सांगून ठेवलेलं होतं. सव्वीस वर्षं त्यांनी उभं राहून काम केलं होतं. फोरमनला टेबल असतं आणि खुर्ची असते.

नानासाहेब म्हणाले, “शुद्धिपत्र छापा.” ते मीच लिहून दिलं. मथळा दिला : ‘मुद्रणदोष’. मालकांनी ते शिकलगारांपुढं ठेवलं. “चाचा, तुम्हीच लावा. तुमच्याच हातनं झालंय म्हणतात.”

त्यांनी कागद उलटा धरून वाचला. मग सुलटा धरून वाचला, तसं करताना मी त्यांना कधी पाहिलं नव्हतं. हातातली स्टिक, खिळे जुळवायची ती पट्टी, त्यांनी खाली ठेवली.

“ह्ये मी लावणार न्हाय.”

“का?”

“चौदा शब्द लावतो. वरचा एक लावणार न्हाय.” काळं बोट मथळ्यावर टेकलं होतं. “तिरवंडा लावला मी. त्यो खोटा हुता, पर गरीब हुता, त्येनं कुणाचं काय बिगडवलं न्हवतं. ह्यो शब्द त्येच्यापरीस खोटा हाय.”

मालक म्हणाले, “मग चूक कुणाची, ते तरी सांगा.”

त्यांनी रॉकेल आणि साबणानं हात धुतले, खिळ्यावरचा शर्ट घेतला, बटणं सगळी लावली. माझ्याजवळून जाताना हळूच म्हणाले, “एम्ये, खिळ्याला तोंड नसतंय म्हणून बरं हाय तुमचं.” आणि गेले, ते परत आले नाहीत.

मथळ्यासकट सगळं दुसऱ्या एका जुळाऱ्यानं लावलं. शुद्धिपत्र निघालं. ते सुटं पान होतं, निम्म्या प्रतींतून पहिल्या वाचकाच्या हातीच गळून पडलं असेल. पण शहरातल्या सगळ्या छापखान्यांत ते पोचलं आणि ‘मुद्रणदोष’वाला जुळारी कुणीच ठेवला नाही. शिकलगारांना काम मिळालं ते पेठ वडगावात, एका खोलीच्या छापखान्यात. लग्नपत्रिका, बाजारपेठेतल्या दुकानांची पावतीपुस्तकं आणि बारशाची कार्डं. सकाळी कोल्हापुरातून एस.टी.नं जायचं, संध्याकाळी यायचं. फोरमनची खुर्ची भलत्याच माणसाला मिळाली.

मी मात्र वर चढत गेलो. ‘तरुण कोशकार’ झालो, मग नुसता कोशकार. तिरवंडाही चढत गेला. एका प्राध्यापकांनी लोकगीतांवरच्या पुस्तकात माझी ओवी घेतली आणि तिच्यातल्या ‘आदिम स्त्रीमना’वर दीड पान लिहिलं. दुसऱ्या एका कोशानं पहिल्या कोशाचा हवाला देऊन शब्द घेतला. मग मी व्याख्यानांत त्या दुसऱ्या कोशाचा हवाला द्यायला लागलो. खोटं सांगून त्याला साक्षीदार जमत गेले, की माणसाला स्वतःलाच शंका येते, आपण खरंच बोललो होतो की काय.

शिकलगार स्टँडवर अधूनमधून दिसायचे. मी नजर चुकवायचो. ते चुकवू द्यायचे नाहीत. पलीकडच्या फलाटावरून, भर गर्दीत, ओरडून विचारायचे, “काय एम्ये, म्हातारी बरी हाय का शाहूवाडीची?” माणसं वळून बघायची. एक ओळखीच्या बाई तर मला म्हणाल्या, “तुमचं आजोळ शाहूवाडीला, हे माहीत नव्हतं.”

अशी अकरा वर्षं गेली. मग कोल्हापुरात एक शेतीप्रदर्शन भरलं. ‘विस्मृतीत गेलेली अवजारं’ असा एक मांडव होता. उद्‌घाटनाला नाही, पण मांडवाचं कौतुक करायला मला बोलावलं होतं. मी हार घालून फिरत होतो. कुळव, कोळपं, पाभर ओलांडून पुढं गेलो आणि पाय जागीच थबकले.

समोर तिरवंडा होता.

कुणा सुतारानं माझी व्याख्या वाचून, शब्दाला शब्द धरून, तो सागवानात घडवला होता. तीन पाय, मधे ठोकळा, पुढं बैलांना जोडायला कडी. वर पॉलिश. खाली पाटीवर माझं नाव आणि माझी ओवी. मिसळ खाताना सुचलेली गोष्ट आता सावली पाडत होती.

एक धोतरातला म्हातारा शेतकरी त्याच्याभोवती दोन फेऱ्या घालून मला म्हणाला, “पावणं, ह्ये कशाचं वो? ह्येच्यावर बसून जेवायचं, का वासरू बांधायचं?”

मागून आवाज आला, “विचार की त्यास्नी. बाप हाईत त्ये त्येचं.”

शिकलगार होते. केस पांढरे झालेले, बाकी खांब तसाच. म्हातारा त्यांचा चंदगडचा मेव्हणा निघाला. तो पुन्हा वाकून बघायला लागला. “चिखलात तीन पायांचं घातलं तर रुतून बसंल की वो हितंच. बैलाचं खांदं निघतील.”

“निघू देत,” शिकलगार म्हणाले. “बैल कुठं खरं हाईत? त्येबी एम्येच आणतील.”

मेव्हणा हसत पुढं गेला. मी हार काढून हातात घेतला. मला वाटलं, आता एकदा विचारून टाकावं. “शिकलगार, त्या दिवशी तारेवरची कॉपी का काढली नाही? माझं अक्षर होतं तिच्यावर.”

ते पाटीवरची ओवी वाचत राहिले.

“गिऱ्हाइकाची कॉपी भायेर दावायची नसती. कुणाचं अक्षर कसं, कुणाला काय येत न्हाय, कुणी काय खोडलं, ह्ये जुळाऱ्याच्या पोटात ऱ्हातंय. माझ्या बापानं बी असंच ठेवलं. तुमच्यासाठी न्हवं, एम्ये. तुमच्या तोंडावर हाणायला हात शिवशिवत हुता. पर हात धंद्याचा हुता.” मग तिरवंड्याच्या पॉलिशवरून त्यांनी काळी बोटं फिरवली. “बगा की, तुमचा खोटा शब्द हुता, त्येला सागवान मिळालं. माझा खोटा दोष हुता, त्येला अकरा वर्सं वडगावची एस्टी मिळाली.”

दुसऱ्या दिवशी मी नानासाहेबांकडं गेलो. त्यांना आता काहीच दिसत नव्हतं. मी सगळं सांगितलं : डाग, मिसळ, ओवी, चौदा शब्द आणि तो एक शब्द, ‘खिळ्यांच्या’. त्यांनी काठीच्या मुठीवर बोटं फिरवली. मग म्हणाले, “मी डोळे म्हणून ठेवलं होतं तुला.” आणि थोड्या वेळानं, “शुद्धिपत्र पुन्हा छाप. उरलेल्या प्रतींत घाल, वाचनालयांना पोस्टानं धाड. आणि दोष कुणाचा, ते नीट लिही. आता जा.”

मी कॉपी लिहिली आणि वडगावची एस.टी. पकडली. पाऊस होता, गाडी गळत होती. या वेळी हॉटेलात शिरलो नाही.

छापखाना म्हणजे एक खोली, एक ट्रेडल, भिंतीवर गणपती आणि मक्का असलेली दोन कॅलेंडरं, मालक आणि गिऱ्हाइकं दोन्ही खूश. शिकलगारांनी कागद घेतला. उलटा धरला. मथळा होता : ‘माझ्या चुका’, आणि खाली माझं पूर्ण नाव. मजकूर असा : ‘या कोशाच्या आधीच्या शुद्धिपत्रात मुद्रणदोष म्हणून दिलेल्या चौदाही चुका मुद्रणाच्या नव्हत्या. त्या मी केल्या आणि जुळारी दस्तगीर शिकलगार यांच्यावर ढकलल्या. त्यांनी लावलेला प्रत्येक खिळा कॉपीप्रमाणे होता. तिरवंडा असा शब्द मराठीत नाही. ओवी मी रचली.’

त्यांनी दोनदा वाचलं. 

“लागंल. सही करा.” मी केली. “प्रूफ बगणार?”

“नको,” मी म्हणालो. “तुम्ही लावणार आहात.”

पानं छापून आली. मी ती न वाचताच प्रतींत घातली, पाकिटांत भरली, पोस्टात टाकली. आपण लिहिलेलं आपणच काय वाचायचं? आठ दिवसांनी एका वाचनालयाचे ग्रंथपाल भेटले. माझा हात हातात घेऊन, डोळे ओले करून म्हणाले, “शेवटची ओळ तुम्ही छापलीत. मोठं मन पाहिजे.”

कुठली शेवटची ओळ?

घरी येऊन पान उघडलं. ‘ओवी मी रचली’च्या खाली, त्याच टायपात, पूर्णविरामासकट छापलेलं होतं : ‘चाचा, तुमची जागा मी घालवली. जमल्यास माफ करा.’

ते मी समासात लिहिलं होतं, एस.टी.त बसल्या बसल्या, गचके खात, फक्त त्यांनी वाचावं म्हणून. उभ्या जन्मात पहिल्यांदा त्यांना चाचा म्हटलं होतं, आणि ते आता जिल्ह्यातल्या प्रत्येक वाचनालयात गेलं होतं.

मी तडक वडगाव गाठलं. ही आमची शेवटची भेट. पुढच्या उन्हाळ्यात चाचा गेले आणि मला ते चार दिवसांनी कळलं. त्या दिवशी ते कुणाच्यातरी लग्नपत्रिकेचा मजकूर लावत उभे होते. मी पान त्यांच्यापुढं आपटलं.

“चाचा, हे खासगी होतं!”

“गोल कुठाय?”

मी कॉपी बघितली. त्यांनी ती जपून तारेला टोचून ठेवली होती आणि आज पहिल्यांदाच, मी न मागता, हात वर करून काढून दिली. समासातली ती ओळ उघडीवाघडी होती. तिच्याभोवती काही नव्हतं.

मी कागद परत दिला. ट्रेडलचा आवाज चालू होता. जावं असं वाटत होतं आणि जाववत नव्हतं. शेवटी विचारलंच, “आणि माफीचं काय?”

त्यांनी कागद पुन्हा तारेला टोचला, खणातून एक खिळा उचलला, उजेडाकडं धरून बघितला आणि स्टिकमध्ये बसवला.

“तुमचं कॉपीत हुतं, ते लावलं,” चाचा म्हणाले. “माझं उत्तर कॉपीत न्हवतं.”